बाहेरची शेगडी

बडोद्याहून भरूचकडे जाणाऱ्या हमरस्त्यावर, मुंबई आणि दिल्ली यांच्यामधील अखंड मालवाहतूक नर्मदेच्या खोऱ्यात उतरण्यापूर्वी जिथे टोलनाक्यापाशी खोळंबते, त्या करजण गावाची ओळख आजच्या बहुतेक प्रवाशांना त्या नाक्यापुरतीच उरली आहे. परंतु ज्यांची घराणी गायकवाडी अमलात कोकणातून वा देशावरून बडोद्यास येऊन स्थायिक झाली, त्या आम्हां मराठी कुटुंबांच्या लेखी करजण म्हणजे नारेश्वरच्या वाटेवरचा कसबा. याच तालुक्यात, नर्मदेच्या उत्तर तटावर, मूळच्या रत्नागिरीकडील देवळे गावच्या घराण्यात परंतु गोध्रा येथे १८९८ साली जन्मलेले रंग अवधूत महाराज १९२५ मध्ये येऊन राहिले. मराठी मातृभाषा असलेल्या या दत्तभक्ताने १९३५ साली गुजरातीत रचलेली दत्तबावनी आज गुजरातच्या घराघरांत म्हटली जाते, आणि त्यांचे गुरू वासुदेवानंद सरस्वती, म्हणजे आपले टेंबेस्वामी, यांची समाधी याच नदीच्या वरच्या अंगास गरुडेश्वरी आहे. त्यामुळे पुण्या-नाशकाकडून नर्मदा-परिक्रमेस निघालेल्या मंडळींची वाहने समुद्रसंगमाकडून उत्तर तटाने परतताना या टापूत हटकून आढळतात, आणि बडोद्याचे आप्तस्वकीय त्यांना येथेच येऊन मिळतात.

पायी परिक्रमा करणाऱ्यास तीन वर्षे, तीन महिने आणि तेरा दिवस लागावेत असा परंपरेचा संकेत आहे. त्याच्या झोळीत भांडे असते, आश्रमात सदावर्त म्हणून डाळ-तांदूळ मिळतो, आणि तीन दगडांची चूल मांडून तो आपले अन्न आपण शिजवतो. वाहनाने परिक्रमा करणाऱ्यांनी या विधीचे अंतर कमी केले, दिवस कमी केले, परंतु अन्न आपले आपण शिजवण्याची आवड काही सोडली नाही. यात्रेच्या बसमागून भांडीकुंडी, शिधा आणि शेगड्या घेऊन धावणारी स्वयंपाकाची गाडी ज्याने पाहिली असेल, त्याला ठाऊक आहे की त्या यात्रेतील निम्मा आनंद नदीकाठच्या पंगतीत असतो. माझ्या भाच्याने एक जुनी प्रवासी गाडी घेऊन, तिच्यात झोपण्याच्या फळ्या, पाण्याची टाकी आणि ओटा बसवून घरच्या मंडळींसाठी फिरते बिऱ्हाड करावयाचे ठरविले, तेव्हा पहिला प्रश्न उभा राहिला तो अग्नीचाच : शेगडी आत ठेवावयाची की बाहेर, आणि बाहेर ठेवावयाची तर गॅस तिच्यापर्यंत न्यावयाचा कसा? करजणच्या हमरस्त्यालगत ट्रकांचे सांगाडे बांधणाऱ्या एका कारखान्यात हे काम झाले. त्या कामाच्या निमित्ताने जे समजले आणि जे पटले, ते सविस्तर लिहून ठेवावे असे मला वाटते, कारण अशी फिरती बिऱ्हाडे आपल्याकडे दिवसेंदिवस वाढत जाणार आहेत. महाराष्ट्र शासनाने तर २०२१ साली कॅराव्हॅन-पर्यटनाचे स्वतंत्र धोरणच मंजूर केले.

स्वयंपाकाचा गॅस ही आपल्या घरांत येऊन फार काळ न लोटलेली वस्तू आहे. मुंबईत बर्मा-शेल कंपनीने 'बर्शेन' या नावाने १९५५ साली तिची विक्री आरंभली, आणि दोन पिढ्यांच्या अवधीत ती इतकी सवयीची झाली की तिच्या स्वभावाची चौकशी करणेच आपण सोडून दिले. प्रोपेन आणि ब्यूटेन या दोन वायूंचे हे मिश्रण दाबाखाली द्रवरूप होऊन सिलिंडरात राहते, आणि मोकळे होताच सुमारे अडीचशे पट जागा व्यापते. प्रोपेन हवेच्या दीडपट जड, ब्यूटेन दुप्पट. म्हणजे हा वायू गळला तर धुरासारखा वर जात नाही. तो पाण्यासारखा खाली उतरतो, फळीखाली, गादीखाली, पायरीच्या कोपऱ्यात साचतो आणि वाट न मिळाल्यास तासन्‌तास तिथेच राहतो. हवेत त्याचे प्रमाण सुमारे दोन टक्क्यांपासून नऊ टक्क्यांपर्यंत असले म्हणजे एक ठिणगी पुरते. त्याला स्वतःचा म्हणावा असा वास नाही. आपल्याला येतो तो वास मुद्दाम मिसळलेल्या मर्कॅप्टनचा. आणि निजलेल्या माणसाचे नाक हा काही भरवशाचा पहारेकरी नव्हे. घराच्या स्वयंपाकघरात दार असते, खिडकी असते, गच्चीकडे जाणारा वारा असतो. वाहनाच्या डब्यात सारे जग आठ-दहा पावलांत संपते, जिथे शिजवावयाचे तिथेच निजावयाचे असते, आणि निजण्याची जागा बहुधा खालीच असते.

२६ ऑगस्ट २०२३ रोजी मदुराई स्थानकाच्या आवारात उभ्या असलेल्या एका यात्रेकरूंच्या डब्याला पहाटे आग लागली. लखनौहून निघालेला हा डबा मंडळींनी खास यात्रेसाठी घेतला होता. रेल्वेत गॅस नेण्यास सक्त मनाई असताना आत सिलिंडर होता, आणि त्या आगीत नऊ माणसे दगावली. या घटनेचा विचार करताना दोष कोणाचा याकडे माझे मन वळत नाही. माझ्या डोळ्यांसमोर येते ते त्या डब्यातले घरगुती वातावरण : पहाटे उठून सर्वांना गरम काही द्यावे अशी कोणाची तरी इच्छा. यात्रेतला स्वयंपाक हा प्रेमाचाच व्यवहार असतो, आणि म्हणूनच ज्यांच्यासाठी तो करावयाचा, त्यांच्या उशाशी तो होऊ नये असे मी भाच्याला निक्षून सांगितले. आत जळणारी ज्योत प्राणवायू खाते, वाफ आणि कार्बन मोनॉक्साइड हा विषारी वायू सोडते, पडदा पेटवू शकते. आणि गळती झालीच तर तिला जाण्यास जागा नसते. बाहेर यांतील प्रत्येक संकटाला आकाश मोकळे आहे. तेव्हा शेगडी बाहेर, हे ठरले. आता उरला तो सिलिंडर आणि त्यापासून शेगडीपर्यंतचा रस्ता.

कारखान्याचे मिस्त्री वयाने भाच्याहून थोडे मोठे, गुजराती बोलणारे, पण बडोद्याच्या सहवासाने मराठी उत्तम समजणारे. भाच्याने सिलिंडर ओट्याखाली ठेवण्याचे चित्र त्यांच्यापुढे ठेवले, तेव्हा त्यांनी कागद न पाहताच गाडीच्या तळावर हात ठेवला आणि म्हणाले, "काका, गेस तो नीचे ज बेसे." एवढ्या एका वाक्यात त्या कामाचे सारे शास्त्र सामावलेले होते, असे आता मागे वळून पाहताना वाटते. त्यांनी गाडीच्या मागल्या बाजूस पत्र्याचे एक कपाट तयार केले, ज्याचे दार केवळ बाहेर उघडते. आतल्या बाजूची प्रत्येक सांध सलग जोडून घेतली, जेणेकरून राहण्याच्या जागेशी त्या कपाटाचा हवेपुरताही संबंध राहू नये. आणि तळाला, अगदी खालच्या बिंदूशी, जाळी लावलेले एक भोक पाडले, जे सरळ रस्त्याकडे उघडते. ते भोक धुराड्याच्या नळीजवळ नको, बॅटरीजवळ नको, दाराखाली नको, याची तजवीज करताना त्यांना कपाटाची जागा बदलावी लागली, तरी त्यांनी ती कुरकुर न करता बदलली. त्या भोकात चिखल अडकू नये, त्यासमोर सामान येऊ नये, यावर पुढील सारी सुरक्षितता अवलंबून आहे. कारण उत्तमोत्तम जोडही केव्हातरी झिजतो, आणि त्या दिवशी गळणाऱ्या वायूला निघून जाण्याची वाट असली पाहिजे. सिलिंडर उभाच राहील, धक्क्याने कलणार नाही, असा पट्टा त्याच्या कमरेस बांधला. आडव्या सिलिंडरातून वायूऐवजी द्रव बाहेर येतो, आणि ज्या रेग्युलेटरला, ज्या शेगडीला केवळ वायूची सवय आहे, तिला तो झेपत नाही.

बाहेरच्या जोडासंबंधी मिस्त्रींचे आणि माझे एकमत ताबडतोब झाले, ते असे की नळीने माणसांच्या खोलीत पाऊलच टाकू नये. सिलिंडरवर रेग्युलेटर, रेग्युलेटरपासून तारेची वीण असलेली नारिंगी सुरक्षा नळी, तिच्यापुढे कपाटातच हाताशी येणारा एक पितळी कॉक, आणि कॉकनंतर कपाटाच्याच बाहेरच्या भिंतीत बसविलेला जलद जोड : एवढीच ती वाट, हातभर लांबीची. या जलद जोडाची खुबी अशी की त्यातील झडप गाडीच्या बाजूच्या अर्ध्या भागात असते. शेगडीची नळी खोचली म्हणजे ती उघडते, नळी काढली की आपोआप मिटते. परंतु आपोआप मिटणाऱ्या वस्तूवर एकट्या विसंबू नये, म्हणून तिच्याआधी हाताने बंद करावयाचा कॉक आहे. आणि धूळ हा अशा झडपेचा मोठा शत्रू असल्याने जोड रिकामा असताना त्याच्यावर टोपण असलेच पाहिजे. पत्र्यातून जिथे जोड बाहेर येतो, तिथे पत्र्याची धार नळीला कापू नये म्हणून रबराची कडी घातली. कपाटाच्या अंगावर धक्के सोसत हजार मैल जाणाऱ्या नळीला घरातल्या ओट्यामागे निवांत पडलेल्या नळीचा न्याय लावता येत नाही. तिच्यावर छापलेली मुदत संपण्याची वाट न पाहता, कुठे घासली, कुठे तडकली, हे प्रत्येक प्रवासाआधी बोटांनी चाचपून पाहिले पाहिजे.

या ठिकाणी एका मोहाविषयी लिहिणे मला अगत्याचे वाटते. घरगुती रेग्युलेटर सिलिंडरातला कित्येक पट दाब उतरवून चौरस सेंटिमीटरला सुमारे ३० ग्रॅमवर आणतो. ओट्यावरच्या शेगड्या त्याच दाबासाठी घडविलेल्या असतात. पंगत मोठी असली म्हणजे कोणीतरी आचाऱ्याची भट्टी आणून या जोडाला लावतो. ती मंद जळते. मग दुसरा कोणी सुचवितो की बाजारात 'हाय प्रेशर'चा रेग्युलेटर सहज मिळतो, तो बसवून टाकू. या सूचनेत भीषणता आहे, कारण तो रेग्युलेटर बसताच दाब केवळ भट्टीत वाढत नाही. तो नळीत, कॉकमध्ये, जलद जोडाच्या रबरी कडीत, त्या सर्व ठिकाणी वाढतो जिथे तो वाढावा म्हणून काहीही बांधलेले नाही. याच करजणच्या भूमीवर या तत्त्वाचे एक जुने उदाहरण आहे. १८६२ साली खंडेराव गायकवाडांच्या अमलात डभोई ते करजणलगतचे मियागाम ही अरुंद रुळांची वाट घालण्यात आली, तेव्हा ते रूळ इतके हलके होते की इंजिनाचा भार त्यांना पेलला नसता. म्हणून त्या रुळांवरून गाड्या बैलांनी ओढल्या, आणि पुढे अधिक वजनाचे रूळ घातल्यानंतरच तिथे वाफेचे इंजिन नियमित धावू लागले. ज्यांनी तोवर बैल जुंपले, त्यांना वेगाची ओढ नव्हती असे नव्हे. परंतु जी वस्तू जेवढ्या भारासाठी घडली, तेवढाच भार तिच्यावर घालावा हा शिरस्ता त्यांनी पाळला. मोठी पंगत असेल तर भट्टीचा वेगळा सिलिंडर, वेगळा रेग्युलेटर, वेगळी जागा. गाडीच्या जोडाकडून ते काम मागू नये. तसेच, ज्या शेगडीवर तिचा स्वतःचा रेग्युलेटर आहे, ती या आधीच दाब उतरविलेल्या जोडाला लावली तर एकापुढे एक असे दोन रेग्युलेटर येऊन ज्योत उपाशी राहते. तेव्हा शेगडी कोणती, हे जोड बसविण्याआधी ठरवावे, नंतर नव्हे.

काम पुरे झाल्यावर मिस्त्रींनी ज्या रीतीने त्याची परीक्षा घेतली, ती पाहून माझ्या मनात त्यांच्याविषयी आदर उत्पन्न झाला. साबणाचा दाट फेस कुंचल्याने प्रत्येक सांध्यावर लावून बुडबुडा येतो का ते पाहणे, हे सर्वांना ठाऊक आहे, आणि ज्योत धरून गळती शोधण्याचा अघोरी प्रकार अद्याप जिथे चालतो तिथे एवढे जरी झाले तरी पुष्कळ. परंतु ते एवढ्यावर थांबले नाहीत. त्यांनी एक पारदर्शक नळी इंग्रजी 'यू' अक्षरासारखी फळीवर ठोकली, तिच्यात पाणी भरले, आणि तिचे एक टोक बाहेरच्या जोडाला लावले. रेग्युलेटर उघडताच पाणी एका बाजूला खाली गेले, दुसऱ्या बाजूला चढले, आणि दोन्ही पातळ्यांत सुमारे ३० सेंटिमीटरांचे अंतर पडले. कारण चौरस सेंटिमीटरला ३० ग्रॅम दाब म्हणजेच तीस सेंटिमीटर उंचीचे पाणी. मग रेग्युलेटर बंद केला आणि चहा मागविला. चहा संपेपर्यंत ते पाणी जिथल्या तिथे राहिले. ज्या परीक्षेला महागडे यंत्र लागत नाही, जी डोळ्यांना दिसते आणि जिच्यात फसवणुकीस वाव नाही, अशी परीक्षा प्रत्येक कारागिराने मालकासमोर घ्यावी, आणि प्रत्येक मालकाने ती मागावी, असे माझे मत आहे. पैसे देताना घासाघीस करण्याऐवजी आपण त्या पाण्याकडे पाहत थांबलो, तर काम करणाऱ्याचाही उत्साह वाढतो.

पहिल्या मुक्कामात एक मतभेद निघाला, तो आमच्या वहिनींशी. त्यांची बैठक जमिनीवरची; नदीकाठी पाट टाकून, शेगडी खाली ठेवून, बसून पोळ्या लाटण्यात त्यांना जे समाधान मिळते ते उभ्याने मिळत नाही. तेल कंपन्यांचा दंडक मात्र असा की शेगडी सिलिंडरपेक्षा उंचावर हवी. गळलेला वायू जमिनीवर पसरतो, आणि जमिनीवरची ज्योत त्याच्या वाटेतच बसलेली असते. मी वहिनींना हे समजावून सांगितले. त्यांनी विचारले, "मग तुमच्या त्या परिक्रमावासीयांची चूल कशी जमिनीवर चालते?" प्रश्न रास्त होता. लाकडाचा अग्नी जिथे दिसतो तिथेच असतो. त्याचे इंधन त्याच्या पुढे धावत जाऊन कुठे दबा धरून बसत नाही. वहिनींनी ऐकून घेतले, आणि दुसऱ्या दिवशी भाच्याने घडीचे मेज आणले. पण ओटी भरण्याच्या दिवशी त्यांनी काठावर गोवऱ्यांची चूल पेटवून नैवेद्य त्यावरच केला, गाडीपासून बऱ्याच अंतरावर, आणि त्यात मला विरोध करण्याजोगे काहीच दिसले नाही. निरांजन, कापूर, उदबत्ती यांविषयीही हाच नियम घरातील सर्वांनी मान्य केला : आरती काठावर, गाडीत नाही.

कायद्याच्या बाजूची खातरजमाही अशा कामात करून घ्यावी लागते. १९८८ च्या मोटार वाहन कायद्याच्या ५२ व्या कलमान्वये नोंदणीच्या दाखल्यातील तपशील बदलेल असा फेरफार परवानगीवाचून करता येत नाही. तेव्हा कपाट, ओटा, फळ्या यांचा नकाशा आधी परिवहन कार्यालयाच्या दप्तरी दाखवून मगच पत्र्याला हात लावावा. घरगुती जोडणीचा १४.२ किलोचा सिलिंडर धंद्याच्या वाहनात वापरणे २००० सालच्या पुरवठा-आदेशाच्या विरुद्ध आहे. त्याऐवजी ५ किलोचा, पत्त्याच्या पुराव्यावाचून मिळणारा सिलिंडर फिरत्या बिऱ्हाडास उंचीने, वजनाने आणि नियमानेही अधिक सोयीचा पडतो. दर सिलिंडरच्या मानेजवळच्या पट्टीवर इंग्रजी अक्षर आणि वर्ष लिहिलेले असते, 'ए' म्हणजे मार्चअखेर, 'बी' म्हणजे जूनअखेर, याप्रमाणे त्याच्या पुढील चाचणीची मुदत त्यावरून कळते. ती उलटलेला सिलिंडर घेऊ नये. सिलिंडरांच्या सुरक्षिततेवर देखरेख करणाऱ्या खात्याचे मुख्य कार्यालय आपल्या नागपुरात आहे, आणि तिथल्या नियमांची भाषा कितीही कोरडी असली तरी तिच्या मुळाशी कुठली ना कुठली जळलेली घरे आहेत, हे ध्यानात ठेवून ती वाचावी.

या सर्व नियमांत मला सर्वांत अर्थपूर्ण वाटतो तो प्रवासाचा नियम. गाडी चालू करण्यापूर्वी शेगडीची नळी काढावयाची, जोडावर टोपण लावावयाचे, कॉक बंद करावयाचा, आणि एवढ्यावर न थांबता सिलिंडरवरील रेग्युलेटरच उतरवून, दोरीला बांधलेली ती प्लॅस्टिकची टोपी सिलिंडरच्या तोंडावर घट्ट बसवावयाची. पेटता तर नाहीच, परंतु पेटण्यास सिद्ध असाही अग्नी चालत्या गाडीत असू नये. आपल्या श्रौत परंपरेत ज्याने अग्नी धारण केले आहेत, त्याच्या प्रवासासाठी हाच विधी सांगितला आहे : घर सोडण्यापूर्वी अग्नींचा अरणींमध्ये समारोप करावयाचा, म्हणजे त्यांना लाकडात निजवावयाचे, आणि मुक्कामी पोचल्यावर मंथन करून पुन्हा जागे करावयाचे. अग्नी बरोबर यावा, पण ज्वाळा वाटेत असू नये, ही योजना ज्यांनी केली, त्यांच्या श्रद्धेत सावधपणाही तितकाच होता. आणि टोपी बसविताना भाचा जेव्हा ती दोनदा ओढून पाहतो, तेव्हा त्याच्या हातून तोच विधी आजच्या उपकरणांनिशी घडत आहे असे मला मनापासून वाटते.

आम्ही त्या कपाटाच्या दाराच्या आतल्या बाजूस एक कागद चिकटविला आहे, मराठीत आणि गुजरातीत, मोठ्या अक्षरांत. वास आल्यास ज्योत विझवा, विजेचे कोणतेही बटण उघडू नका वा मिटू नका, रेग्युलेटर बंद करा, सर्वांना वाऱ्याच्या विरुद्ध बाजूस न्या, आणि गळतीच्या तक्रारीचा देशभर चालणारा १९०६ हा क्रमांक फिरवा. शिवाय निजण्याच्या फळीखाली, जमिनीलगत, गळती ओळखून घंटा वाजविणारे एक यंत्र आहे, कारण वायू जिथे आधी पोचेल तिथेच पहारा हवा. कपाटाची किल्ली भाच्याकडे आणि वहिनींकडे असते. वहिनींनी स्वतः एकदा सारे जोडून, फेस लावून, पुन्हा सारे उतरवून दाखविल्यानंतरच भाच्याने ती त्यांच्या हाती दिली.